जुना संगणक, हलका भार

सिंधुदुर्ग जिल्ह्यातील नांदगाव हे कणकवली तालुक्यातील, मुंबई–गोवा महामार्गावरचे गाव. अशा गावातील पेढीवर पावसाळ्यात वीज गेली की बिल अर्ध्यावर राहते, आणि जुना संगणक पुन्हा सुरू होईपर्यंत गिऱ्हाईक ताटकळते. त्यातच १४ ऑक्टोबर २०२५ पासून विंडोज १० चा नियमित सुरक्षा-आधार थांबला. विंडोज ११ ला किमान ४ जीबी रॅम, ६४ जीबी साठवण आणि टीपीएम २.० ही सुरक्षा-सुविधा लागते. मग चालता संगणक भंगारात द्यावा काय?

व्यापारी बंधूंनी घाई करू नये. पुष्कळदा यंत्र धडधाकट असते. त्यावरील प्रणालीचा भार तेवढा वाढलेला असतो. लुबुंटू, अँटिएक्स किंवा लिनक्स मिंटची एक्सएफसीई आवृत्ती या विनामूल्य प्रणालींत झगमगाट कमी आणि पडद्यामागे चालणारी कामे मोजकी असतात. पपी लिनक्स तर पेनड्राइव्हवरून थेट रॅममध्ये चालते. हार्डडिस्कला धक्का न लावता तिची परीक्षा घेता येते. आपल्या सी-डॅक संस्थेची ‘बॉस’ ही लिनक्स प्रणालीही मराठीसह भारतीय भाषांत काम करू देते.

विजेचा हिशेबही पाहावा. १०० वॅट घेणारा संगणक दहा तास चालला तर १ युनिट वीज खर्च होते. २०१९ साली आलेल्या रास्पबेरी पाय ४ या तळहाताएवढ्या संगणकाला ५ व्होल्ट, ३ अँपिअरचा, म्हणजे १५ वॅटचा पुरवठा पुरतो. दहा तासांत फार तर ०.१५ युनिट. पडद्याची वीज अर्थातच वेगळी. इतका अल्प भार लहान इन्व्हर्टरही बराच वेळ पेलतो.

मात्र एक सावधगिरी अत्यावश्यक आहे. टॅली विंडोजसाठी घडवलेली आहे. तिचे हिशेब एका स्वतंत्र यंत्रावरच राहू द्यावेत. जीएसटीचे संकेतस्थळ ब्राउझरमध्ये उघडते, परंतु डिजिटल स्वाक्षरीची कळ व बिलाचा प्रिंटर नव्या प्रणालीवर चालतो की नाही, हे आधी तपासावे.

म्हणून क्रम असा असावा: प्रथम सर्व वह्यांची प्रत दोन ठिकाणी ठेवावी, नंतर पंधरा दिवस पेनड्राइव्हवरून पत्रव्यवहार, दरपत्रके, ई-मेल ही कामे करून पाहावीत, आणि मगच निर्णय घ्यावा. नवा माल घेण्यापूर्वी गोदामातील शिल्लक पाहण्याची आपली जुनी रीत येथेही उपयोगी पडते.