संस्कृती आणि मनाची घडण

‘संस्कृती’ हा शब्द आपण दोन अर्थांनी वापरतो. साहित्यसभेच्या व्यासपीठावरून तो उच्चारला जातो तेव्हा बहुधा काव्य, संगीत, नाट्य, शिल्प यांचे वैभव डोळ्यांपुढे असते. मानवशास्त्राच्या अभ्यासकांना मात्र त्याचा याहून व्यापक अर्थ अभिप्रेत आहे. इंग्लंडमधील एडवर्ड टायलर यांनी १८७१ मध्ये या व्यापक अर्थाची मांडणी केली, आणि पुढील अभ्यासकांनी ती थोड्याफार फरकाने स्वीकारली. माणूस जन्माबरोबर जे घेऊन येत नाही, परंतु समाजात वाढताना जे जे आत्मसात करतो, ते सारे या अर्थाने संस्कृतीत मोडते. चुलीपाशी बसण्याची रीत तिच्यात येते, आणि वडीलधाऱ्यांशी बोलताना आवाज खाली ठेवण्याची सवयही येते.

देशोदेशींचा पोशाख, आहार, सणवार भिन्न असतात हे कोणीही मान्य करील. परंतु या बाह्य भेदांच्या आत मनाचे व्यापार सर्वत्र एकसारखेच चालत असावेत, अशी आपली सामान्य समजूत असते. डोळे पाहतात ते सारखेच, दोन अधिक दोन चार होतात तेही सारखेच. मग संस्कृतीचा हात मनाच्या गाभ्यापर्यंत कसा पोहोचेल, असे वाटणे स्वाभाविक आहे. या प्रश्नाचा शिक्षकाशी निकटचा संबंध आहे. आपण वर्गात रोज मुलांच्या बुद्धीची आणि स्वभावाची पारख करीत असतो, आणि ती प्रगतिपुस्तकावर शेऱ्याच्या रूपाने लिहूनही ठेवतो. ज्याला आपण बुद्धी म्हणतो त्यातील काही भाग जर घरच्या आणि समाजाच्या वळणाचा असेल, तर तो शेरा लिहिताना लेखणी क्षणभर थांबावयास हवी.

प्रथम पाहण्याचाच विचार करू. मानसशास्त्राच्या पुस्तकांत सारख्या लांबीच्या दोन रेषांची एक प्रसिद्ध आकृती आढळते. फ्रान्झ म्युलर-लायर यांनी ती १८८९ मध्ये प्रसिद्ध केली. एका रेषेच्या टोकांना बाणाच्या अग्राप्रमाणे आत वळलेली पाती असतात, तर दुसरीच्या टोकांची पाती बाहेर फाकलेली असतात. मोजून पाहिले तर दोन्ही रेषा समान भरतात, पण दुसरी लांब भासते. हा दृष्टिभ्रम मानवमात्राच्या डोळ्यांचाच दोष असावा असे वाटत होते. १८९८ मध्ये केंब्रिजहून टॉरेस सामुद्रधुनीतील बेटांवर गेलेल्या अभ्यासमंडळात रिव्हर्स हे वैद्यकाचे जाणकार होते. तेथील रहिवासी या आकृतीने इंग्रजांपेक्षा कमी फसतात असे त्यांना आढळले. पुढे निलगिरीतील तोडा लोकांतही त्यांना हाच अनुभव आला. उलट, आडव्या रेषेपेक्षा तितकीच उभी रेषा लांब भासते, या दुसऱ्या भ्रमाला मात्र हे लोक इंग्रजांपेक्षा अधिक बळी पडत. तेव्हा अमुक समाजाची दृष्टी तीक्ष्ण आणि तमुकाची मंद, असे म्हणण्यास येथे जागाच राहत नाही. प्रत्येकाची फसगत होते. ती कोठे होते, एवढाच फरक.

सेगल, कॅम्पबेल आणि हर्स्कोव्हिट्स या तिघा संशोधकांनी हीच परीक्षा मुख्यतः आफ्रिकेतील अनेक समाजांत घेऊन १९६६ मध्ये आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. पहिल्या आकृतीने सर्वाधिक फसणारे अमेरिकेतील शहरवासी होते, आणि कलाहारीच्या वाळवंटात राहणारे सान लोक जवळजवळ फसतच नव्हते. चौकोनी खोल्या, सरळ भिंती आणि काटकोनी कोपरे यांत वाढलेला डोळा रेषांमध्ये खोली शोधू लागतो, असा त्याचा अर्थ या संशोधकांनी लावला. या अर्थाविषयी तज्ज्ञांत आजही वाद आहे. तथापि पाहणे ही क्रियासुद्धा सवयीपासून अलिप्त नसावी, ही शंका त्या प्रयोगांनी पक्की केली.

पाहण्यापासून विचार करण्याकडे वळू. रशियन मानसशास्त्रज्ञ अलेक्झांडर लुरिया १९३१ आणि १९३२ मध्ये उझबेकिस्तान व किर्गिझ प्रदेशांतील खेड्यांत गेले. तेथील निरक्षर शेतकऱ्यांपुढे त्यांनी काही तर्काची कोडी ठेवली. अतिउत्तरेकडील बर्फाळ प्रदेशातील सर्व अस्वले पांढरी असतात आणि नोव्हाया झेमल्या हा द्वीपसमूह त्याच प्रदेशात आहे, असे सांगून तेथील अस्वलांचा रंग विचारला. पुष्कळांनी उत्तर देण्याचेच नाकारले. आपण तेथे गेलो नाही आणि जे पाहिले नाही त्याविषयी कसे बोलावे, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. कुऱ्हाड, करवत, हातोडा आणि लाकडाचा ओंडका या चार वस्तूंतील विजोड वस्तू वगळा असे सांगितल्यावर ओंडका बाहेर काढण्यास ते तयार होईनात. ओंडकाच नसेल तर करवतीने कापायचे काय? आणि थोडेसे शालेय शिक्षण मिळालेले त्याच गावांतील तरुण मात्र ही कोडी सहज सोडवीत.

या लोकांना तर्क करता येत नव्हता काय? तसे मुळीच नाही. परिचित गोष्टींविषयी विचारले असता ते अचूक अनुमान काढीत. आपल्या अनुभवापासून तोडलेले विधान ‘खरे आहे असे धरून’ पुढे चालण्याचा डाव त्यांनी स्वीकारला नव्हता. हा डाव शाळा शिकविते. लायबेरियातील वाय जमातीची स्वतःची लिपी आहे आणि ती शाळेबाहेरच, एकाकडून दुसऱ्याकडे शिकविली जाते. तेथे स्क्रिब्नर आणि कोल यांनी केलेला अभ्यास १९८१ मध्ये प्रसिद्ध झाला. नुसत्या लिहिता-वाचता येण्याने अशी कोडी सोडविण्यात फारसा फरक पडत नाही, शाळेत जाण्याने पडतो, असे त्यांना दिसून आले. शाळा हीसुद्धा एक संस्कृतीच आहे, असा याचा अर्थ. सयाजीराव महाराजांनी १८९३ मध्ये अमरेली तालुक्यात आणि १९०६ मध्ये सबंध बडोदे संस्थानात प्राथमिक शिक्षण सक्तीचे केले, तेव्हा मुलांना अक्षरओळख देण्याबरोबरच एका नव्या विचारपद्धतीचे दारही त्यांनी खुले केले.

याचे प्रत्यंतर आपल्या वर्गातही येऊ शकते. समजा, एका मजुराला एक भिंत बांधण्यास १० दिवस लागतात, तर १० मजुरांना किती, असे उदाहरण फळ्यावर आहे. गवंड्याचा मुलगा म्हणतो, “गुरुजी, भिंत एका दिवसात उभी करीत नाहीत, खालचा थर ओला असतो.” पुस्तकातील उत्तर एक दिवस असे आहे, म्हणून आपण त्याला ‘गणितात कच्चा’ ठरवितो. वस्तुतः त्याचे ज्ञान पुस्तकाहून पक्के आहे. भिंत खरी नसून केवळ हिशेबापुरती आहे, ही शाळेची अलिखित अट त्याला कोणी सांगितलेली नाही, इतकेच.

तिसरा आणि सर्वांत नाजूक विषय म्हणजे माणसाच्या वागण्याचे कारण आपण कोठे शोधतो हा होय. जोन मिलर या संशोधिकेने शिकागोतील अमेरिकन आणि म्हैसूरमधील हिंदू यांचा तुलनात्मक अभ्यास १९८४ मध्ये प्रसिद्ध केला. ओळखीच्या कोणाचे एखादे चांगले आणि एखादे वाईट कृत्य सांगा आणि ते त्याने का केले असावे तेही सांगा, अशी विनंती तिने केली होती. अमेरिकन प्रौढ बहुधा कर्त्याच्या स्वभावाकडे बोट दाखवीत: तो स्वार्थी आहे, ती दयाळू आहे. म्हैसूरचे प्रौढ नात्याकडे, कर्तव्याकडे आणि प्रसंगाकडे बोट दाखवीत. मोटारसायकलच्या अपघातात जखमी झालेल्या सहप्रवाशाला रुग्णालयात पोहोचवून, तेथे न थांबता कोर्टात निघून गेलेल्या एका वकिलाची हकीकत त्यांत आहे. पक्षकारासाठी कोर्टात हजर असणे हे त्याचे कर्तव्यच होते, असे कारण तेथे पुढे आले; तो मुळातच निष्ठुर, असा निवाडा नव्हे.

या अभ्यासात ८, ११ आणि १५ वर्षांची मुलेही होती. आठव्या वर्षी दोन्हीकडच्या मुलांच्या उत्तरांत फारसा फरक नव्हता. वय वाढत गेले तसतसे अंतर वाढत गेले. म्हणजे ही दृष्टी रक्तातून येत नाही, ती शिकली जाते, आणि शिकण्याची ती वर्षे नेमकी आपल्या शाळांतील वर्षे असतात.

आपल्या भाषेतही अशा संस्कारांच्या खुणा जागोजागी आढळतात. मराठीत ‘आम्ही’ आणि ‘आपण’ हे दोन वेगळे शब्द आहेत. पहिल्यात ऐकणारा बाहेर राहतो, दुसऱ्यात तो सामावला जातो. हिंदीत दोहोंसाठी ‘हम’ एवढाच शब्द पुरतो. जुन्या वळणाच्या मराठी घरात मूल आईला ‘तू’ म्हणते आणि वडिलांना ‘तुम्ही’. शेजारच्या हिंदी भाषक घरांपैकी अनेकांत दोघांनाही ‘आप’ म्हटले जाते. आपल्याकडील अनेक जातींत मामेबहिणीशी विवाह रूढ आहे, तर उत्तरेकडील हिंदू समाजात सामान्यतः तो निषिद्ध. इरावती कर्वे यांनी १९५३ च्या आपल्या ग्रंथात भारतातील नातेव्यवस्थेचे हे भेद सविस्तर दाखविले आहेत. इंदूर, ग्वाल्हेर, बडोदे येथील मराठी मूल हे भेद ग्रंथांतून शिकत नाही. एका अंगणातून दुसऱ्या अंगणात जाताना ते सर्वनाम बदलते, नमस्काराची रीत बदलते, थट्टेची मर्यादा बदलते. दोन संस्कृतींत वावरणाऱ्या मुलाची ही चपळाई त्याच्या शिक्षणाचाच भाग आहे. तिला ‘भाषा बिघडली’ एवढेच नाव देऊन आपण मोकळे होऊ नये.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. संस्कृती मनाला वळण लावते याचा अर्थ ती माणसाला साच्यात ओतते असा नव्हे. रूथ बेनेडिक्ट यांनी युद्धकाळात जपानला न जाताच जपानी स्वभावाचे चित्र रेखाटले आणि १९४६ मध्ये ते ग्रंथरूपाने गाजले. परंतु कोट्यवधी माणसांना एकच चेहरा दिला, असा आक्षेप त्यावर पुढे अनेकांनी घेतला. एकाच समाजात, एकाच घरातही स्वभाव भिन्न असतात. शिवाय संस्कृतीने घडविलेला माणूस संस्कृतीलाही घडवितो. १८४८ मध्ये पुण्यात मुलींची शाळा काढणारे जोतीराव आणि तिथे शिकविणाऱ्या सावित्रीबाई याच मातीत वाढल्या होत्या. भाषेविषयीही हेच खरे. जो शब्द भाषेत नाही तो विचार करताच येत नाही, हे मत आज टिकणारे नाही.

दुसरी सावधगिरी आपल्या पाठ्यपुस्तकांविषयीची. मानसशास्त्राच्या प्रमुख अमेरिकी नियतकालिकांचे जेफ्री आर्नेट यांनी केलेले परीक्षण २००८ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यांत अभ्यासलेल्या दर १०० व्यक्तींपैकी सुमारे ९६ पाश्चात्त्य औद्योगिक देशांतील होत्या. अध्यापनशास्त्राच्या पदवीसाठी आपण जे सिद्धांत ‘मानवी मनाचे नियम’ म्हणून पाठ केले, त्यांतील बरेचसे मानवजातीच्या एका लहान भागाच्या निरीक्षणावर उभे आहेत. ते टाकून द्यावेत असे नाही, पण आपल्या वर्गात पारखून घ्यावेत.

मग शिक्षकाने करावे काय? तीन साध्या गोष्टी सुचवाव्याशा वाटतात. मुलाचे उत्तर चुकले तर ते कोणत्या प्रश्नाचे बरोबर उत्तर आहे, हे आधी पाहावे. गवंड्याच्या मुलाला हिशेबातील भिंत आणि खरी भिंत यांतील भेद समजावून दिला की तो इतरांच्या पुढे जाण्याचा संभव अधिक. दुसरे, शाळेचे जे नियम आपण गृहीत धरतो ते उघड सांगावेत: येथे ‘समजा’ म्हटले की समजावयाचे असते, येथे गुरुजींना प्रश्न विचारणे उद्धटपणा नव्हे, येथे नजर वर करून बोलले तरी चालते. ज्या घरात पुस्तके आहेत तेथील मूल हे नियम घरूनच घेऊन येते. ज्या घरात नाहीत तेथील मुलाला ते देणे हे आपले काम आहे. तिसरे, ‘मंद’, ‘हट्टी’, ‘घुमे’ असा शेरा लिहिण्यापूर्वी, म्हैसूरच्या त्या माणसांप्रमाणे, मुलाच्या प्रसंगाची आणि परिस्थितीची चौकशी करावी. माणसाला त्याच्या परिस्थितीसह पाहण्याची दृष्टी आपल्या परंपरेत आहेच. ती प्रगतिपुस्तकापर्यंत आणणे आपल्या हाती आहे.