मंदिराची पायरी आणि मठाचे ताट: क्योतोतील एक दिवस समजून घेताना

क्योतोतील झेन मठांच्या प्रवेशद्वारापाशी पुष्कळदा एक दगडी स्तंभ उभा असतो. त्यावर कोरलेल्या अक्षरांचा आशय असा, की उग्र वासाच्या भाज्या आणि मद्य यांना या दारातून आत प्रवेश नाही. उग्र वासाच्या भाज्या म्हणजे कांदा, लसूण, पात आणि त्याच कुळातील इतर. चातुर्मासात कांदा-लसूण वर्ज्य करणाऱ्या घरात वाढलेल्या मराठी प्रवाशाला या स्तंभाचा अर्थ चटकन उमगावा. परंतु सहलीतील बहुतेक मंडळी त्याच्यासमोरून थेट पुढे जातात. आतली बाग खुणावत असते आणि मार्गदर्शकाच्या हातातील छोटा ध्वज लगबगीने पुढे सरकत असतो.

क्योतोत एका दिवसाच्या मार्गदर्शित सहली मुबलक मिळतात. सकाळी दोन-तीन मंदिरे, दुपारी जेवण आणि त्यानंतर बाजार, असा त्यांचा साधारण साचा. जाहिरातीत 'मंदिरे' आणि 'खाद्यसंस्कृती' ही दोन निराळी आकर्षणे म्हणून मांडलेली असतात. क्योतोच्या इतिहासात मात्र त्यांची ताटातूट करता येत नाही. अमेरिका, ब्रिटन किंवा आखातातून आठवड्याभराची रजा काढून जपानला जाणाऱ्या शाकाहारी मराठी कुटुंबाला हा संबंध आधीच ठाऊक असेल, तर सहलीतील सर्वांत मोठी फसगत टळते. ही फसगत मंदिरात होत नाही, ती वाडग्यात होते.

प्रथम भूगोल. क्योतो 794 पासून एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत सम्राटांची राजधानी होती, पण समुद्र तिच्यापासून दूर. ताजी मासळी इथे सहज पोहोचत नसे. वाकासाच्या किनाऱ्यावरून बांगड्याच्या जातीची मासळी मीठ लावून डोंगरवाटेने आणली जाई आणि त्या वाटेला आजही त्या माशाचेच नाव आहे. कोंबु नावाचे समुद्रशैवाल मात्र वाळवलेले असल्याने टिकत असे. ते उत्तरेकडील होक्काइदोहून जहाजांनी येई. शहराखाली मृदू पाण्याचा साठा, आसपास भाजीमळे आणि गावात शेकडो मठ. तोफू, सोयादुधावरची साय, भाज्या आणि कोंबु यांवर उभी राहिलेली पाककला या परिस्थितीतून घडली.

धर्माचाही वाटा मोठा. 675 मध्ये सम्राट तेन्मु यांनी गाय-बैल, घोडा, कुत्रा, माकड आणि कोंबडी यांचे मांस वर्षातील काही महिने निषिद्ध ठरवले. ही बंदी पुढे वेगवेगळ्या रूपांत वारंवार बजावली गेली. मासे मात्र तिच्या कक्षेत नव्हते. आजच्या जपानी मनात 'मांस' आणि 'मासा' हे दोन स्वतंत्र कप्पे आहेत, ते बऱ्याच अंशी याच परंपरेमुळे. 'मी मांस खात नाही' असे सांगणाऱ्या पाहुण्यापुढे पूर्ण सद्भावनेने माशाचा रस्सा ठेवला जातो, त्यामागे हे कारण आहे.

मठातील जेवणाला 'शोजिन ऱ्योरी' म्हणतात. ऱ्योरी म्हणजे पाकक्रिया. 'शोजिन' हा शब्द संस्कृत 'वीर्य' या बौद्ध संज्ञेचे चिनी मार्गाने आलेले भाषांतर आहे. इथे वीर्य म्हणजे नेटाने केलेला सत्प्रयत्न. महाराष्ट्रातील बौद्ध वाचकांना दहा पारमितांपैकी एक म्हणून हा शब्द परिचित असेल; डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथातही तो येतो. 'झेन' हा शब्ददेखील मुळात 'ध्यान'च, चीनमध्ये 'चान' होऊन जपानला पोहोचलेला. तेव्हा शोजिन ऱ्योरीचे 'शाकाहारी जेवण' हे भाषांतर अपुरे पडते. प्रयत्नपूर्वक, सावधपणे रांधलेले आणि तितक्याच सावधपणे ग्रहण केलेले अन्न, हा तिचा खरा अर्थ.

हा अर्थ ज्याने शब्दबद्ध केला तो दोगेन नावाचा भिक्षू. 1223 मध्ये तो चीनमध्ये पोहोचला, तेव्हा बंदरातील जहाजावर त्याला एक वृद्ध चिनी भिक्षू भेटला. तो एका मठाचा आचारी होता आणि जपानी मालातील अळंबी विकत घेण्यासाठी मैलोन्‌मैल पायी आला होता. दोगेनने त्याला मुक्कामाचा आग्रह केला आणि या वयात ध्यान व अध्ययन सोडून स्वयंपाकाची दगदग कशासाठी, असे विचारले. म्हातारा हसला. साधना म्हणजे काय हे या परदेशी तरुणाला अजून कळलेले नाही, असे त्याने सुनावले आणि तो परत निघाला. दोगेनने ते मनावर घेतले. 1237 मध्ये त्याने मठाच्या आचाऱ्यासाठी 'तेन्झो क्योकुन' ही स्वतंत्र पुस्तिका लिहिली. तांदूळ कसा निवडावा, पाणी वाया कसे घालवू नये, हलक्या प्रतीची भाजीही आदराने कशी हाताळावी, हे सारे तिच्यात आहे.

त्या परंपरेत सहा रस सांगितले आहेत: कडू, आंबट, गोड, तिखट, खारट आणि सहावा 'तान'. आयुर्वेदाच्या षड्रसांशी पाच जुळतात. सहाव्या ठिकाणी आपल्याकडे तुरट येतो, तर तिथे 'तान' म्हणजे सौम्य, मूळ पदार्थाची चव न झाकणारा. मराठी जिभेला शोजिन ऱ्योरी पहिल्या घासाला 'सपक' वाटते ती या सहाव्या रसामुळे. फोडणीची वाट पाहणाऱ्याने हे आधी जाणून घेतले, तर निदान निराशा होणार नाही. मसाल्याची सवय असलेल्या प्रत्येकाला हे जेवण आवडेलच, असा दावा करण्याचे कारण नाही.

आता त्या वाडग्याकडे. जपानी स्वयंपाकाचा पाया म्हणजे 'दाशी' नावाचा पातळ अर्क. घरी आणि उपाहारगृहात तो बहुधा कोंबु आणि 'कात्सुओबुशी' यांपासून काढतात. कात्सुओबुशी हा ट्यूना कुळातील मासा. उकडून, धुरी देऊन, लाकडासारखा कडक होईपर्यंत वाळवलेला आणि रंध्याने काढाव्यात तशा पातळ सालींच्या रूपात वापरलेला. सुकट-बोंबलाच्या वासात वाढलेल्या कोकणी माणसाला तो ओळखू येईल. इतरांना कदाचित येणार नाही, कारण अर्क गाळून घेतल्यावर माशाचा मागमूस दिसत नाही. मिसो सूप, सोबा-उदोनचा रस्सा, तेम्पुराची चटणी, उकडलेल्या भाज्या, अंड्याची गुंडाळी या साऱ्यांत तो असू शकतो. मठातील दाशी मात्र कोंबु आणि वाळवलेल्या शिताके अळंबीची असते. चवीत ती उणी पडत नाही. 1908 मध्ये किकुनाए इकेदा या क्योतोत जन्मलेल्या रसायनशास्त्रज्ञाने कोंबुच्या अर्कातूनच ग्लुटामेट वेगळे करून त्या चवीला 'उमामी' हे नाव दिले.

प्रत्यक्ष दिवसाची आखणी करताना पश्चिमेकडील आराशियामा आणि तेथील तेन्र्यू-जी हा मठ निवडणे सोयीचे. क्योतो स्थानकावरून रेल्वेने पाव तासाच्या आसपास पोहोचता येते. 1339 मध्ये आशिकागा ताकाउजी या सेनानीने सम्राट गो-दाइगो यांच्या स्मरणार्थ हा मठ स्थापला. ज्या सम्राटाविरुद्ध तो लढला, त्याच्याच आत्म्याच्या शांतीसाठी, हे विशेष. बांधकामाचा खर्च भागवण्यासाठी चीनकडे व्यापारी जहाज धाडले गेले. मठ आठ वेळा आगीत सापडला. आजच्या इमारती बहुतांशी मेइजी काळातील आहेत. परंतु पहिले मठाधिपती मुसो सोसेकी यांनी रचलेली तळ्याकाठची बाग चौदाव्या शतकातील आराखडा टिकवून आहे. मागचा डोंगर त्या बागेच्या मालकीचा नाही, तरी तो तिचाच भाग वाटावा अशी तिची मांडणी आहे. क्योतो परिसरातील ज्या 17 स्थळांना युनेस्कोने 1994 मध्ये जागतिक वारसा यादीत एकत्रित स्थान दिले, त्यांत हा मठ आहे.

याच आवारात 'शिगेत्सु' हे शोजिन ऱ्योरीचे भोजनगृह आहे. ते दुपारपुरतेच चालते, बागेचे प्रवेशशुल्क वेगळे भरावे लागते आणि आगाऊ नोंदणी केलेली बरी. चटईवर बैठक, पुढ्यात लाल लाखेची भांडी. तीळ वाटून कुझु वेलीच्या कंदातील सत्त्वाने घट्ट केलेला 'गोमा-दोफु', हंगामी भाज्या, भात, सूप आणि लोणचे असा साधारण बेत. दोगेन सोतो पंथाचा आणि हा मठ रिन्झाई पंथाचा, पण स्वयंपाकघराविषयीचा आदर दोन्हीकडे सारखाच. भिक्षूंच्या पंगतीत जेवणाआधी अन्नाच्या मागचे श्रम आठवणारी पाच वाक्ये म्हटली जातात आणि शेवटी मुळ्याच्या लोणच्याच्या फोडीने वाडगा पुसून घेतला जातो. पर्यटकांकडून ही अपेक्षा नसते. ताटात काही टाकू नये, एवढी मात्र असते.

पूर्वेकडील नानझेन-जीच्या परिसरात तोफूची भोजनगृहे प्रसिद्ध आहेत. गरम पाण्यात कोंबुच्या तुकड्यासह उकळलेला तोफू, म्हणजे 'युदोफु', हा निर्धोक शाकाहार वाटतो. सोबत येणाऱ्या सोया सॉसमध्ये मात्र पुष्कळदा कात्सुओबुशीचा अर्क असतो. तेव्हा विचारावे: 'कात्सुओ-दाशी वा हाइत्ते इमासु का', म्हणजे यात कात्सुओचा अर्क आहे का. मंदिराशेजारचे प्रत्येक भोजनगृह मंदिराचे नियम पाळते, हाही गैरसमज. खुद्द भिक्षूंना 1872 च्या सरकारी आदेशाने मांसाहार आणि विवाह यांची मोकळीक मिळाली. तेव्हापासून जपानी भिक्षू शाकाहारीच असेल, असे गृहीत धरता येत नाही.

दुपारनंतरचा निशिकी बाजार सुमारे 390 मीटर लांबीची अरुंद, छप्पर असलेली गल्ली आहे. लोणची, सोयासाय, गव्हाच्या चिकापासून केलेला 'फु', सुके मासे, सुऱ्या यांची शंभरावर दुकाने. चालता चालता खाऊ नये, अशी दुकानदारांची विनंती असते, ती पाळावी. इतो जाकुचू हा थोर चित्रकार 1716 मध्ये इथल्याच एका भाजीच्या घाऊक व्यापाऱ्याच्या घरी जन्मला. त्याच्या एका चित्रात पालथ्या टोपलीवर मुळा आडवा झाला आहे आणि भोवती भाज्या व फळे शोकाकुल जमली आहेत. हे बुद्धाचे महापरिनिर्वाण! त्यात थट्टा किती आणि श्रद्धा किती, यावर मतभेद संभवतात. मंदिर आणि मंडई यांचे नाते मात्र इतक्या थेटपणे क्वचितच कुणी रेखाटले असेल. चित्र क्योतोच्या राष्ट्रीय संग्रहालयाच्या मालकीचे आहे, पण ते नेहमी मांडलेले नसते.

उरला प्रश्न मार्गदर्शकाचा. 1949 च्या कायद्यानुसार परकीय भाषेत सशुल्क मार्गदर्शन करण्यासाठी राष्ट्रीय परीक्षा उत्तीर्ण होणे बंधनकारक होते. जानेवारी 2018 पासून ही अट उठली. आता परवान्याविना कुणीही हे काम करू शकतो; परवानाधारकांना केवळ अधिकृत पदनामाचा हक्क उरला आहे. परवाना नसलेले सारेच कच्चे, असे मुळीच नाही. तरी नोंदणीपूर्वी तीन गोष्टी लेखी विचारून घ्याव्यात: मार्गदर्शक परवानाधारक आहे का, जेवणाचे ठिकाण नेमके कोणते, आणि तेथील दाशी कशाची. तिसऱ्या प्रश्नाला 'व्हेजिटेरियन उपलब्ध' एवढेच मोघम उत्तर आले, तर दुसरी सहल पाहावी.

एकाच दिवसात सोनेरी किंकाकु-जी, कियोमिझु-देरा, बांबूवन, बाजार आणि मठातील भोजन असे पाचही देऊ करणाऱ्या सहलीत जेवणाला जेमतेम पाऊण तास उरतो. एप्रिलच्या आरंभी चेरीच्या बहरात आणि नोव्हेंबरमध्ये मेपल रंगतात तेव्हा तोही रस्त्यातील गर्दी खाऊन टाकते. दोन ठिकाणे कमी असलेली सहल महाग वाटली तरी तीच घ्यावी, आणि तेन्र्यू-जीला दार उघडताच, साडेआठला पोहोचावे. त्या वेळी तळ्याकाठी बसायला जागा मिळते.