पदोन्नतीस पात्र कोण?

शासकीय व निमशासकीय सेवेत वरचे पद एक तर सेवाज्येष्ठतेने मिळते किंवा फक्त सेवेतील कर्मचाऱ्यांसाठी घेतल्या जाणाऱ्या मर्यादित विभागीय स्पर्धा परीक्षेतून मिळते, आणि या परीक्षांविषयीचे पुष्कळ खटले निकाल लागण्याच्या कितीतरी आधी, परीक्षेला बसू कोणाला द्यायचे या प्रश्नावरच उभे राहतात. गडहिंग्लज तालुक्यातील नेसरीसारख्या गावी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवणाऱ्या शिक्षकासाठी असे एक पद केंद्रप्रमुखाचे, म्हणजे आसपासच्या शाळांच्या समूहावर देखरेख ठेवणाऱ्याचे असते. राज्य शासनाने १ डिसेंबर २०२२ च्या निर्णयाने ही पदे निम्मी पदोन्नतीने व निम्मी परीक्षेने भरण्याचे ठरवले. परंतु परीक्षेसाठी वयाची ५० वर्षांची कमाल मर्यादा व पदवीला किमान ५० टक्के गुण अशा अटी आल्याने, वर्गात आयुष्य घालवलेले अनेक शिक्षक अर्ज भरण्यापूर्वीच बाद ठरू लागले.

अशी अट घालण्याचा अधिकार नियोक्त्याला आहे काय, याचे कायद्यातील उत्तर बरेचसे नियोक्त्याच्या बाजूचे आहे, कारण पदोन्नती मिळणे हा कर्मचाऱ्याचा हक्क मानला जात नाही. पदोन्नतीसाठी विचार होणे एवढाच त्याचा हक्क असून तो संविधानाच्या अनुच्छेद १४ व १६ मधील समानतेतून येतो. मात्र अटीचा पदाच्या कामाशी काही संबंध असावा लागतो, आणि वयाच्या अटीबाबत हा संबंध दाखवणे सोपे नाही, कारण देखरेखीच्या कामात अनुभव हीच खरी पुंजी असते. पात्रता कोणत्या दिवशी मोजायची हे जाहिरातीत सांगितले नसेल, तर अर्जाचा अंतिम दिनांक धरला जातो. त्यानंतर पदवी हाती आली तरी तिचा उपयोग होत नाही. भरतीची प्रक्रिया सुरू झाल्यावर, मूळ नियमांनी मुभा दिलेली नसेल तर, पात्रतेचे निकष मध्येच बदलता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ७ नोव्हेंबर २०२४ रोजी तेजप्रकाश पाठक प्रकरणात स्पष्ट केले.

महाराष्ट्रातूनच गेलेल्या अंजुमन इशात-ए-तालीम ट्रस्टच्या प्रकरणाने याहून मोठी खळबळ उडाली. पहिली ते आठवीच्या शिक्षकांसाठी शिक्षक पात्रता परीक्षा, म्हणजे टीईटी, राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषदेने २०१० मध्ये आवश्यक केली होती. ती आधीपासून सेवेत असलेल्यांनाही लागू आहे, असे न्यायमूर्ती दीपांकर दत्ता व न्यायमूर्ती ऑगस्टीन जॉर्ज मसीह यांनी १ सप्टेंबर २०२५ रोजी ठरवले. ज्यांची सेवा पाच वर्षांपेक्षा कमी उरली आहे त्यांना अनुच्छेद १४२ मधील विशेष अधिकार वापरून सेवेत राहू देण्यात आले, पण पदोन्नती हवी असेल तर त्यांनाही टीईटी उत्तीर्ण होणे भाग आहे. इतर जुन्या शिक्षकांना दोन वर्षांची मुदत मिळाली. अल्पसंख्याक संस्थांचा प्रश्न मात्र मोठ्या पीठाकडे सोपवण्याची शिफारस झाली. मुलांच्या दर्जेदार शिक्षणाचा हक्क केंद्रस्थानी ठेवणारा हा निर्णय तर्काला धरून आहे, तरीही त्या काळचे सर्व नियम पाळून सेवेत आलेल्या शिक्षकावर दुसऱ्या पिढीची अट लादली जाते, ही सल काही सवलतीने पुरती भरून निघत नाही.

अशा वादांत उशीर फार महागात पडतो, कारण अटी मान्य करून परीक्षेला बसलेला उमेदवार नापास झाल्यावर त्याच अटींना आव्हान देऊ लागला, तर न्यायालये सहसा त्याचे ऐकत नाहीत. तक्रार अर्जाच्या मुदतीतच करावी लागते. त्यातही जिल्हा परिषदेचा कर्मचारी राज्य शासनाचा कर्मचारी नसल्याने महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण त्याचे प्रकरण घेत नाही आणि त्याला अनुच्छेद २२६ खाली थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते, ज्यासाठी नेसरीच्या शिक्षकाला पूर्वी मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचे सर्किट बेंच सुरू झाल्याने तेच काम आता जिल्ह्याच्या ठिकाणी होऊ शकते.