बार्ब-ब्ल

बार्ब-ब्ल : झाक ऑफेनबाख (१८१९–८०) ह्या जन्माने जर्मन परंतु कर्तृत्वाने फ्रेंच असलेल्या संगीतकाराची तीन अंकी विनोदी संगीतिका. शीर्षकाचा अर्थ ‘निळी दाढी’. संहिता आंरी मेयाक व ल्युदोव्हिक आलेव्ही यांची. पहिला प्रयोग पॅरिसच्या व्हारिएते नाट्यगृहात ५ फेब्रुवारी १८६६ रोजी झाला.

शार्ल पेरोच्या १६९७ च्या कथासंग्रहामुळे मूळ लोककथा सर्वज्ञात झाली. निळ्या दाढीचा एक धनाढ्य नव्या पत्नीच्या हाती वाड्याच्या किल्ल्या देऊन एक दालन उघडू नये, असे बजावतो. ती ते उघडते, तेव्हा आत पूर्वीच्या पत्नींची प्रेते आढळतात. अखेर तिचे भाऊ तिला सोडवितात. ह्या भीषण कथेतून हास्य निर्माण करणे सोपे नव्हते. संहिताकारांनी किल्लीचा प्रसंग गाळला आणि मृत्यूच खोटा ठरविला : पाच पत्नींना विष देण्याची आज्ञा झालेला किमयागार पोपोलानी त्यांना केवळ गुंगीचे औषध देऊन लपवून ठेवतो. सहावी पत्नी बूलोत ही धीट खेडवळ स्त्री. गावातील सद्वर्तनी कन्येचा मान तिला मिळतो तो चिठ्ठ्या टाकून. तिला सोडवायला भाऊ येत नाहीत. तीच इतर पत्नींसह जिप्सींच्या वेषात दरबारात शिरते आणि पतीचे बिंग फोडते. आपण विधुर असल्याचे बार्ब-ब्ल अत्यंत प्रसन्न चालीत सांगतो, ह्या विसंगतीतच ऑफेनबाखच्या विनोदाचे मर्म आहे.

कथेला जोडलेला बोबेश राजाचा दरबार हे तिसऱ्या नेपोलियनच्या राजवटीचे विडंबन होते. राजाला राणीविषयी संशय आला की एखाद्या दरबाऱ्याचा वध फर्माविला जाई. दरबाऱ्यांचा सारा गुण कमरेत वाकण्याचा. ऑर्तांस श्नायडर (बूलोत) व झोझे द्यूप्वी (बार्ब-ब्ल) यांच्या भूमिका गाजल्या. त्याच वर्षी व्हिएन्ना व लंडन येथे आणि १८६८ मध्ये न्यूयॉर्कला ही संगीतिका रंगभूमीवर आली. १८७० च्या युद्धात ती राजवट कोसळली आणि विडंबनाचे लक्ष्यच उरले नाही. पुढे पॅरिसमध्ये अधूनमधून पुनःप्रयोग झाले, तरी ला बेल एलेन (१८६४) एवढी लोकप्रियता तिला लाभली नाही. कथेचे गंभीर रूप मात्र द्यूका (१९०७) व बार्टोक (१९१८) यांच्या संगीतिकांनी रुजविले.

तिचे खरे पुनरुज्जीवन जर्मन भाषेत झाले. व्हिएन्नाचा उपरोधकार कार्ल क्राउस याने १९२६ पासून पियानोच्या साथीवर एकट्याने सादर केलेल्या ऑफेनबाखच्या कृतींत ती होती. त्यानंतर व्हाल्टर फेल्झेनश्टाइन याने पूर्व बर्लिनमधील कोमिशे ओपर ह्या आपल्या नाट्यसंस्थेत १९६३ मध्ये रिटर ब्लाउबार्ट ह्या नावाने ती सादर केली. बर्लिनची भिंत उभी राहून तेव्हा दोनच वर्षे झाली होती. गाणाऱ्याने प्रथम नट असावे आणि प्रत्येक गीत पात्राच्या गरजेतून उमटावे, असा फेल्झेनश्टाइनचा आग्रह असे. त्यामुळे हान्स नॉकरचा ब्लाउबार्ट केवळ हास्यास्पद न राहता धोकादायकही वाटे. आज्ञा निमूटपणे झेलणाऱ्या दरबाऱ्यांत तेथील प्रेक्षकांना ओळखीचे काही दिसले असल्यास नवल नाही. हा प्रयोग १९९२ पर्यंत चालला. दिग्दर्शकाच्या मृत्यूनंतर (१९७५) सतरा वर्षे आणि ज्या राज्यात तो जन्मला ते नाहीसे झाल्यानंतरही तो टिकला, ही गोष्ट संगीतिकांच्या इतिहासात विरळाच. १९७३ मध्ये त्याचा चित्रपटही निघाला. २०१८ मध्ये श्टेफान हेरहाइमने त्याच रंगमंचावर आणि २०१९ मध्ये लॉराँ पेलीने लियाँ येथे नवे प्रयोग बसविले.