सेटलमेंट करताना काय विचारायचं, काय लिहून घ्यायचं



मार्च जवळ आला की वसुलीवाल्यांची गाडी गावात फिरायला लागते. त्याच सुमारास शाखेत बोर्ड लागतो, ‘एकरकमी भरा, व्याजात सवलत मिळवा’. ही एकरकमी कर्ज परतफेड योजना. आपण तिला ओटीएस नाहीतर सेटलमेंट म्हणतो. कर्ज बहुतेकदा मालकांच्या नावावर असतं, पण जामीनदार म्हणून सही कितीतरी वेळा आपली असते आणि नोटीस आली की दारात आपणच उभ्या असतो.

आधी कडू गोष्ट सांगते. सेटलमेंट हा कर्जदाराचा हक्क नाही. उत्तर प्रदेशातल्या बिजनौर अर्बन को-ऑपरेटिव्ह बँकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर 2021 मध्ये स्पष्ट सांगितलं, की अमक्याला सवलत द्याच असा हुकूम कोर्ट बँकेला देऊ शकत नाही. योजनेच्या अटीत बसणाऱ्यालाच ती मिळेल.

मग सगळं साहेबांच्या मर्जीवर का? तसंही नाही. रिझर्व्ह बँकेने 8 जून 2023 ला तडजोडीचे नियम काढले आणि ते जिल्हा बँका व नागरी सहकारी बँकांनाही लागू केले. सेटलमेंटचं धोरण संचालक मंडळाने मंजूर केलेलं असावं लागतं. कर्ज किती जुनं हवं, किती सूट देता येईल, हे त्यात ठरलेलं असतं. ज्या अधिकाऱ्याने कर्ज मंजूर केलं, त्याने त्याच कर्जाच्या सेटलमेंटला मंजुरी द्यायची नाही, असाही नियम आहे. तेव्हा शाखेत गेल्यावर ‘साहेब, काहीतरी कमी करा’ म्हणण्याआधी ‘योजनेचं परिपत्रक दाखवा’ म्हणा. शेजारच्याला एक हिशोब आणि आपल्याला दुसरा लावला असेल, तर फरक कशामुळे ते लेखी अर्ज देऊन विचारा आणि अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. उत्तर मिळालं नाही तर मुख्य कार्यालय, आणि त्यानंतर सहकार खात्याचे जिल्हा उपनिबंधक.

आपल्या जिल्ह्यात हे विचारणं जास्तच गरजेचं आहे. थकबाकी वाढत गेल्यावर 2018 मध्ये सोलापूर जिल्हा मध्यवर्ती बँकेचं संचालक मंडळ बरखास्त होऊन तिथे प्रशासक आले. बँक अडचणीत आली की वसुलीचा जोर वाढतो, आणि तो मोठ्या थकबाकीदारापेक्षा पन्नास हजारवाल्याच्या दारात आधी पोचतो, असं मला तरी वाटतं.

सरकारी योजनेतलं सेटलमेंट आणखी वेगळं. 2017 च्या छत्रपती शिवाजी महाराज शेतकरी सन्मान योजनेत दीड लाखापेक्षा जास्त थकबाकी असलेल्याने वरची रक्कम आधी स्वतः भरायची होती, मग सरकारचे दीड लाख जमा होणार होते. पुष्कळांना ‘दीड लाख माफ’ एवढंच ऐकू आलं आणि आधी भरायची अट मागे राहिली.

आता कागदाचं. समजा मुद्दल 80 हजार, व्याजासकट येणं 1 लाख 70 हजार, आणि बँक 1 लाख 5 हजारांत मिटवायला तयार आहे. तोंडी होकारावर एक रुपयाही भरू नका. मंजुरीचं पत्र घ्या. त्यात एकूण रक्कम, शेवटची तारीख, वसुलीचा आणि वकिलाचा खर्च धरलाय की वेगळा, हे सगळं हवं. जामीनदारही मोकळा होणार का, हे तर हवंच; ही ओळ नसेल तर लिहून मागा. कोर्टात दावा चालू असेल तर तो तिथेही मिटवावा लागतो.

तारीख चुकवू नका. 2022 मध्ये स्टेट बँकेच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की सेटलमेंटची मुदत कोर्ट वाढवून देणार नाही. पैशाची जुळणी झाल्याशिवाय पत्रावर सही करण्याची घाई नको. आणि बँकेचं मिटवायला सावकाराकडून पैसे काढणं म्हणजे आगीतून फुफाट्यात. गटातून कर्ज घ्यायचं असेल तर हप्ता झेपेल का, ते मीटिंगमध्ये उघड बोला.

वसुलीला येणाऱ्यांनाही मर्यादा आहेत. सकाळी 8 च्या आधी आणि संध्याकाळी 7 नंतर वसुलीसाठी फोन करायचा नाही, शिवीगाळ-दमदाटी करायची नाही, चारचौघांत अपमान करायचा नाही, असं रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2022 मध्ये बजावलंय. नातेवाइकांना त्रास देणंही त्यात आलं.

एक तोटाही माहीत असू द्या. सिबिलमध्ये असं खातं ‘सेटल्ड’ दिसतं, पूर्ण फेडलेलं दिसत नाही. तीच बँक शेतीशिवायचं नवीन कर्ज निदान 12 महिने देत नाही. शेतीकर्जासाठी किती थांबायचं ते बँकेचं धोरण ठरवतं.

पैसे शाखेतच भरा, पावती घ्या, बेबाकी दाखला घ्या. घरकर्जासारखं वैयक्तिक कर्ज असेल तर मिटल्यापासून 30 दिवसांत मूळ कागदपत्रं परत मिळायला हवीत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई आहे. 1 डिसेंबर 2023 पासून हा नियम लागू झाला. शेतजमिनीवर बोजा असेल तर बेबाकी दाखला तलाठ्याकडे द्या, आणि थोड्या दिवसांनी नवा सातबारा काढून ‘इतर हक्क’ रकान्यात बँकेचं नाव अजून आहे का ते वाचून घ्या.