लिनिया : सूचिपर्णी रानातले जुळे फूल

लिनिया बोरिॲलिस ही हनीसकलच्या, म्हणजे कॅप्रिफोलिएसी कुळातली जमिनीलगत पसरणारी सदाहरित वनस्पती. स्कँडिनेव्हिया, सायबेरिया, आल्प्स आणि उत्तर अमेरिकेतल्या रॉकी पर्वतरांगांत, पाइन-स्प्रूसच्या सावलीत ती शेवाळाच्या थरावर वाढते. तिचे बारीक खोड सरपटत जाते आणि जागोजागी मुळे धरते. समोरासमोर येणारी गोलसर पाने जेमतेम सेंटिमीटरभर असतात आणि बर्फाखालीही हिरवी राहतात. उन्हाळ्यात बोटभर उंचीचा देठ वर येतो, टोकाशी बेचकीसारखा दुभंगतो आणि प्रत्येक फाट्यावर एक फिकट गुलाबी घंटा खाली मान घालून लोंबते. पाकळ्यांच्या आत दाट केस, दोन लांब व दोन आखूड पुंकेसर, आणि मंद गोड वास.

एवढ्याशा फुलाला नाव मात्र मोठे मिळाले. आपल्या आंब्याला मॅन्जिफेरा इंडिका हे नाव १७५३ साली ज्याने दिले, तो कार्ल लिनियस १७३२ मध्ये लॅपलँडच्या मोहिमेवर गेला होता. तिथले हे फूल त्याच्या मनात भरले. स्वतःचे नाव स्वतःच देणे शिष्टसंमत नव्हते. ते काम त्याचा डच स्नेही ग्रोनोव्हियस याने केले. क्षुद्र, दुर्लक्षित आणि अल्पकाळ फुलणारी ही वनस्पती आपल्यासारखीच आहे, असे लिनियसने लिहून ठेवले. ही नम्रता कितपत खरी मानायची, हा प्रश्नच आहे: १७३७ च्या चित्रात तो लॅपलँडच्या सामी लोकांच्या पोशाखात हेच फूल हाती धरून उभा आहे, आणि सरदारकी मिळाल्यावर कुलचिन्हातही त्याने तेच घेतले.

देठावरच्या या जोडीला एकमेकींचा उपयोग नसतो. लिनियाचे फूल आपल्याच रोपाच्या परागाने फळत नाही, आणि खोडाने पसरलेला अख्खा ताटवा बहुधा एकच रोप असतो. फलनासाठी दुसऱ्या वंशाचे रोप जवळपास हवे, कारण पराग वाहणाऱ्या माश्या व लहान मधमाश्या फार लांब जात नाहीत. फळात बी एकच. भोवतालच्या चिकट सहपत्रांमुळे ते प्राण्यांच्या केसांना चिकटून पुढे जाते.

स्वीडनमध्ये लिनिया विपुल आहे. तिथे मुलींनाही लिनेआ हे नाव आवडीने ठेवतात. स्कॉटलंडची स्थिती वाईट. जुनी पाइनची राने तुटली, मागे सुटे ताटवे उरले. ते दर उन्हाळ्यात फुलतात, पण पुष्कळदा बी धरत नाहीत. वरवर हिरवागार दिसणारा ताटवा वंश म्हणून थांबलेला असतो, हे उशिरा लक्षात आले. झाडाला कुंपण घालून हा प्रश्न सुटत नाही. म्हणून तिथल्या केर्नगॉर्म्स डोंगरांतल्या रानांत आता एका ताटव्यातली रोपे दुसऱ्याच्या शेजारी नेऊन लावली जातात.