'नाल' : मित्रांच्या ऑनलाइन डावातील एका शब्दाचा विचार

खेळाचे नियम शब्दांनी बांधलेले असतात, आणि एखादा शब्द प्रचारातून गेला म्हणजे त्याच्याबरोबर एखादा नियमही अनेकदा नकळत नाहीसा होतो. पत्त्यांच्या खेळाच्या बाबतीत हे विशेषत्वाने खरे आहे. जालना जिल्ह्यातील वृत्तपत्रांत 'तिर्रट' नावाच्या जुगारावर पोलिसांनी छापा घातल्याच्या बातम्या वाचकांच्या परिचयाच्या आहेत. शेतातील झाडाखाली किंवा एखाद्या आडोशाला गोलाकार बसलेली माणसे, समोर पडलेले पत्ते आणि रोख रक्कम, असे त्या बातम्यांतील चित्र ठरलेले असते. परंतु गेल्या काही वर्षांत अशा खेळांना दुसरेही एक स्थळ लाभले आहे. शिक्षण व नोकरी यांच्या निमित्ताने जालना, पुणे आणि परदेश येथे पांगलेले मित्र रात्री ठरल्या वेळी आपापल्या मोबाइलवर एकाच डावाला बसतात, आणि तिर्रट किंवा तीन पत्ती यांच्या जागी पुष्कळदा पोकर हा खेळ खेळला जातो. हा डाव 'खाजगी' म्हणावा काय, आणि तो भरवणारा मित्र नेमका कोण, या दोन प्रश्नांचा येथे त्या खेळाच्या परिभाषेच्या अंगाने विचार करावयाचा आहे.

प्रथम परिभाषेचे सामान्य स्वरूप पाहू. पत्ते हा मूळचा बाहेरून आलेला खेळ असला, तरी मराठीने तो पूर्णपणे आपलासा केला आहे. इस्पिक, बदाम, चौकट व किलवर या चार नावांकडे पाहावे. 'चौकट' हे नाव आकृतीवरून आले; 'बदाम' हा फारसी शब्दही आकृतीच्या साम्यामुळेच लागू झाला; 'किलवर' या शब्दाचे साम्य इंग्रजीतील 'क्लब' या नावाशी नसून डच भाषेतील 'क्लाव्हर' या शब्दाशी आहे. पानांची नावे एक्का, दुर्री, तिर्री, सत्ती, अठ्ठी अशी संख्यावाचकांवरून घडली. 'गुलाम' आणि 'हुकूम' हे अरबी शब्द दरबारी व्यवहारातून आले. क्रियापदे मात्र घरगुती आहेत : पत्ते पिसावयाचे, काटावयाचे, वाटावयाचे, आणि मग उतारी करावयाची. या प्रत्येक क्रियापदाला कर्ता लागतो. कोणी पिसले, कोणी काटले, कोणी वाटले, हे मंडळींना डोळ्यांसमोर दिसते, आणि खेळाचा प्रामाणिकपणा त्या दिसण्यावरच उभा असतो.

पोकरची परिभाषा अशी रुळलेली नाही. 'कॉल करणे', 'रेज करणे', 'फोल्ड करणे' असे इंग्रजी शब्दांना 'करणे' जोडून बनवलेले संयुक्त धातू येथे वापरले जातात. पोकरच्या सर्वाधिक खेळल्या जाणाऱ्या प्रकारात प्रत्येकाला दोन बंद पाने मिळतात, आणि मध्यभागी पाच पाने क्रमाने उघडली जातात : प्रथम तीन, मग एक, आणि शेवटी आणखी एक. प्रत्येक टप्प्यावर बोली वाढवावयाची, बरोबरी करावयाची, किंवा पाने टाकून द्यावयाची. पत्त्यांच्या जोडीच्या खेळात 'भिडू' म्हणजे आपल्या बाजूने खेळणारा सोबती. पोकरमध्ये असा सोबती नाही, प्रत्येक जण एकटा आहे. याहून महत्त्वाचा फरक असा की, ऑनलाइन डावात पिसण्याचे व वाटण्याचे काम दूरवरचा संगणक करतो. म्हणून खेळणारे 'पाने वाटली' असे म्हणत नाहीत, 'पाने आली' असे म्हणतात. कर्ता वाक्यातून गेला आणि डोळ्यांसमोरूनही गेला.

असा डाव भरवण्याची रीत सोपी आहे. एक मित्र एखाद्या ॲपवर खाजगी टेबल उघडतो. त्याला एक सांकेतिक क्रमांक किंवा दुवा मिळतो. तो व्हॉट्सॲपच्या गटात पाठवला की ज्यांच्याजवळ तो आहे त्यांनाच टेबलावर बसता येते. बोलीची किमान रक्कम, प्रत्येकाला द्यावयाच्या चिप्सची संख्या आणि चाल करण्यासाठी मिळणारा वेळ या गोष्टी टेबल उघडणारा ठरवतो. गप्पांसाठी निराळा व्हिडिओ कॉल लावला जातो. २०२० च्या टाळेबंदीत एकत्र बसणे अशक्य झाले, तेव्हा जगभरच्या घरगुती डावांनी हाच मार्ग धरला. टेबल उघडणाऱ्याला 'होस्ट' म्हणतात. या शब्दाला मराठीत 'यजमान' हा प्रतिशब्द सहज सुचतो, आणि अडचण येथूनच सुरू होते. कारण यजमान पाहुण्यांकडून काही घेत नाही, उलट देतो.

डाव भरवणाऱ्यासाठी आपल्या परंपरेत एक नेमका शब्द होता. संस्कृत वाङ्मयात द्यूतगृहाच्या चालकाला 'सभिक' म्हणत. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायातील द्यूतसमाह्वय प्रकरणात त्याची कर्तव्ये दिली आहेत. मोठ्या पणावर जिंकणाऱ्याकडून सभिकाने शेकडा ५ व इतरांकडून शेकडा १० घ्यावे, राजाला त्याचा ठरलेला वाटा द्यावा, आणि जिंकणाऱ्याला त्याचे जिंकलेले धन मिळवून द्यावे, असा तो नियम होय. कौटिल्याच्या अर्थशास्त्रातही द्यूताध्यक्षाने जिंकलेल्या द्रव्यातून शेकडा ५ घ्यावे, शिवाय फाशांचे भाडे आणि जागा-पाण्याचे मूल्य घ्यावे, असे सांगितले आहे. शूद्रकाच्या 'मृच्छकटिका'च्या दुसऱ्या अंकात माथुर हा सभिक १० सुवर्ण हरलेल्या संवाहकाचा पाठलाग करताना दिसतो. तो जिंकलेल्याचे धन वसूल करण्याचे आपले कामच करीत असतो. म्हणजे सभिकाची कार्ये तीन : जागा देणे, वाटा घेणे आणि वसुलीची हमी घेणे. ही तिन्ही कार्ये एकाच व्यक्तीकडे होती, आणि ती व्यक्ती सर्वांना ठाऊक होती.

सभिकाच्या वाट्यासाठी पुढील काळात जो शब्द रूढ झाला, तो 'नाल'. डावातून अड्डा चालवणाऱ्यासाठी बाजूला काढली जाणारी रक्कम म्हणजे नाल. हा शब्द केवळ बोलीभाषेतील म्हणून दुर्लक्षिण्याजोगा नाही. तो ज्या गोष्टीचे नाव आहे, तिच्यावरच कायद्याचा सारा भर आहे. १८८७ च्या मुंबई जुगार प्रतिबंधक अधिनियमात, जो आज महाराष्ट्र जुगार प्रतिबंधक अधिनियम म्हणून ओळखला जातो, 'सामाईक जुगारगृहा'ची जी व्याख्या आहे तिचा गाभा असा : जागेच्या किंवा साधनांच्या वापराबद्दल आकार घेऊन, अथवा अन्य कोणत्याही रीतीने, जागा धारण करणाऱ्याच्या नफ्यासाठी जेथे जुगाराची साधने ठेवली किंवा वापरली जातात, अशी जागा. केवळ घरात पत्ते आहेत म्हणून घर जुगारगृह होत नाही. घरधन्याला खेळातून प्राप्ती होते किंवा नाही, हे पाहावे लागते. सार्वजनिक जागेतील जुगाराची गोष्ट निराळी, आणि निव्वळ कौशल्याच्या खेळांना त्याच अधिनियमाच्या कलम १३ ने वगळले आहे.

जालन्याच्या संदर्भात येथे एका निवाड्याची आठवण करणे उचित होईल. आजचा जालना जिल्हा १ मे १९८१ रोजी अस्तित्वात आला. परंतु १९५६ पर्यंत हा भूभाग हैदराबाद राज्यात होता, आणि त्या राज्याचा स्वतंत्र जुगारविषयक कायदा १३०५ फसली सनातील होता. त्याच कायद्याखाली सिकंदराबाद येथील एका क्लबाचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, आणि १९६७ साली त्याचा निर्णय लागला. रमी या खेळात पडलेली पाने लक्षात ठेवावी लागतात, पाने राखण्यात व टाकण्यात कौशल्य लागते, म्हणून तो मुख्यतः कौशल्याचा खेळ होय. उलट तीन पानांचा खेळ निव्वळ नशिबाचा होय, असे न्यायालयाने म्हटले. पण त्याच निर्णयात दुसरेही एक सूत्र आहे, आणि ते फारसे उल्लेखिले जात नाही : पण लावून खेळल्या जाणाऱ्या रमीतून किंवा अन्य खेळातून जागेचा मालक नफा मिळवीत असल्याचे सिद्ध झाले, तर गुन्हा होऊ शकतो. अर्थात खेळ कौशल्याचा असला तरी नालेचा प्रश्न शिल्लक राहतोच.

सभिकाचे तिसरे कार्य हमीचे. डावातले देणे चुकते झाले नाही तर काय होते, याचे स्मरण मराठी गद्याच्या आरंभीच सापडते. 'लीळाचरित्रा'तील श्रीचक्रधरांच्या पूर्वाश्रमीच्या हकिकतीत हरिपाळदेव द्यूतात हरतात, देणे भागवण्यासाठी पत्नीकडे अलंकार मागतात, आणि ती ते देण्यास नकार देते. त्या प्रसंगातून आलेल्या वैराग्याची कथा वाचकांना ठाऊकच आहे. खेळातले देणे घरापर्यंत येऊन पोहोचते, हा त्यातील व्यावहारिक भाग आजही तितकाच खरा आहे. आधुनिक कायद्याने तर अशा देण्याला आधारच ठेवलेला नाही. भारतीय संविदा अधिनियम, १८७२ च्या कलम ३० अन्वये पैजेचा करार रद्दबातल असतो, आणि पैजेत जिंकलेल्या रकमेसाठी दावा लावता येत नाही. म्हणून मित्रांच्या डावात हरलेल्याने पैसे दिले नाहीत, तर जिंकलेल्यापुढे दोनच मार्ग उरतात : रक्कम सोडून देणे किंवा मैत्री सोडून देणे.

आता ऑनलाइन डावाकडे पुन्हा वळू. येथे सभिकाची तीन कार्ये तीन ठिकाणी विभागली गेली आहेत. जागा ॲप चालवणाऱ्या कंपनीची. वाटा घेण्याची पद्धत असेल, तर संगणक प्रत्येक डावातून शेकडेवारीने तो परस्पर कापून घेतो. त्याला 'रेक' म्हणतात, आणि तो नालेचाच नवा अवतार होय. वसुली मात्र टेबल उघडणाऱ्या मित्राच्या गळ्यात पडते. अनेक ॲपवरील चिप्स नुसत्या खेळण्यातल्या असतात, त्यांना पैशाचे मोल नसते. ते मोल व्हॉट्सॲपवरील एका वाक्याने मिळते : 'शंभर चिप्स म्हणजे दहा रुपये.' हे वाक्य लिहिले जाईपर्यंत डाव करमणुकीचा असतो. लिहिल्यावर तो पणाचा होतो. पडद्यावर काहीच बदलत नाही. बदलतो तो शब्दाचा अर्थ. आणि दुसऱ्या दिवशी यूपीआयने हिशेब पुरा करताना, आपण घेतलेल्या श्रमाबद्दल यजमानाने प्रत्येकाकडून थोडी रक्कम ठेवून घेतली, तर ती रक्कम 'खर्च' म्हणून ओळखली जाते, नाल म्हणून नव्हे. वस्तूला जुने नाव मिळाले नाही म्हणून वस्तू बदलत नाही.

राजाच्या वाट्याबद्दलही आपल्या शास्त्रांत दोन मते होती. मनूने द्यूत व समाह्वय ही दोन्ही राजाने राष्ट्रातून नाहीशी करावी, असे सांगितले. याज्ञवल्क्याने त्यांचे नियमन करून वाटा घ्यावा, असे म्हटले. अलीकडच्या भारतीय कायद्यात ही दोन्ही मते थोड्या वर्षांच्या अंतराने आलेली दिसतात. १ ऑक्टोबर २०२३ पासून पैशाच्या ऑनलाइन खेळांतील ठेवीच्या पूर्ण रकमेवर २८ टक्के वस्तू व सेवा कर लावण्यात आला. ही याज्ञवल्क्याची दिशा. पुढे ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगविषयी नवा अधिनियम संमत केला, आणि २२ ऑगस्ट रोजी त्यास राष्ट्रपतींची संमती मिळाली. ही मनूची दिशा. या अधिनियमाने पैशाच्या ऑनलाइन खेळाची व्याख्या करताना कौशल्य व नशीब हा भेदच बाजूला ठेवला आहे. असा खेळ उपलब्ध करून देणाऱ्यास ३ वर्षांपर्यंत कारावास, १ कोटी रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा त्यात सांगितली आहे. केवळ खेळणाऱ्यास शिक्षा सांगितलेली नाही. म्हणजे रमी, पोकर व तीन पत्ती यांच्यातील ज्या भेदावर १९६७ पासून वाद चालत आला, तो या व्याख्येपुढे निरुपयोगी ठरतो, आणि सारा भार 'उपलब्ध करून देणे' या क्रियापदावर येतो. त्याचा कर्ता कोण? ॲप चालवणारी कंपनी, हे तर उघडच आहे. पण चिप्सना मोल ठरवून देणारा, रक्कम गोळा करणारा व वाटणारा यजमान त्या कर्तृपदापासून किती दूर राहतो, हा प्रश्न प्रत्येक होस्टने स्वतःला विचारण्याजोगा आहे.

या विवेचनाचे तात्पर्य थोडक्यात असे सांगता येईल. 'खाजगी' हे विशेषण ॲपमध्ये टेबलाला लागते. तेथे त्याचा अर्थ एवढाच की, दुवा नसलेल्यास आत येता येत नाही. डावाला ते विशेषण लागू व्हावयाचे तर बंद दार पुरेसे नाही. त्या दाराच्या आत कोणी कोणाकडून काय घेतो, हे पाहावे लागते. तिर्रटच्या अड्ड्यावर हे सर्वांना दिसत होते, कारण त्याला नाव होते. मोबाइलवरच्या डावात जागा, वाटा व हमी वेगळ्या झाल्या, आणि तिघांनाही मिळून 'होस्ट' हा एकच सौम्य शब्द उरला. मित्रांनी चिप्सना मोल न देता पोकर खेळला, तर तो बुद्धीचा व विनोदाचा उत्तम खेळ आहे, आणि त्यात यजमान हा शब्द खऱ्या अर्थाने शोभतो. ज्या क्षणी हिशेबाची वही उघडते, त्या क्षणी यजमानाचा सभिक होतो. हा बदल ओळखण्यासाठी भाषेने 'नाल' हा शब्द जपून ठेवला आहे. तो वापरात ठेवणे, एवढीच सावधगिरी पुष्कळशा मैत्र्या वाचवू शकेल.